अल-खतीब: एका अरबी आडनावाच्या प्रकल्प नोंदी

३ जून २०२४, सोमवार

अरबी आडनावांच्या मराठी कोशाचं काम सुरू झालं. पहिलं आडनाव कोणतं घ्यायचं यावर गटात बराच खल झाला. हद्दाद म्हणजे लोहार, नज्जार म्हणजे सुतार, खूरी म्हणजे ख्रिस्ती धर्मगुरू, मस्री म्हणजे इजिप्तकडचा; अर्थ सरळ, काम सोपं. मी अल-खतीबचा आग्रह धरला. हे आडनाव दमास्कस, जेरुसलेम आणि कुवेतमध्ये आहे, तसंच ते रत्नागिरी-रायगडातही आहे. ते आपल्या शेजारच्या घराच्या पाटीवर असतं आणि परदेशच्या बातम्यांतही येतं. अशा आडनावाचा उलगडा आधी व्हायला हवा असं मला मनापासून वाटतं.

रकाने चार ठेवले आहेत: अर्थ, उगम, प्रवास, लेखनभेद.

प्रस्तावनेसाठी टिपण: जुन्या अरबी नावात आडनाव नावाची वेगळी जागाच नव्हती. स्वतःचं नाव म्हणजे इस्म. 'अबू अमुक' म्हणजे अमुकचा बाप, ही कुन्या. 'इब्न अमुक' ही वंशावळ, म्हणजे नसब. गाव, प्रांत किंवा टोळी सांगणारी निस्बा: बगदादी, तबरीझी. आणि धंदा, पद, अंगचा गुण सांगणारा लकब. आजची बहुतेक अरबी आडनावं या लांबलचक नावाचा एखादा तुकडा धरून तयार झाली. अल-खतीब हा पदावरून पडलेला लकब. 'अल' हे फक्त उपपद, इंग्रजीतल्या 'the'सारखं. अर्थाच्या रकान्यात तूर्त एवढंच लिहिलं: शुक्रवारच्या सामुदायिक नमाजेआधी मिंबरावरून, म्हणजे मशिदीतल्या पायऱ्यांच्या व्यासपीठावरून, खुतबा, म्हणजे प्रवचन, देणारा.

५ जून

हे पद इस्लामच्या आधीपासूनचं आहे. टोळीचा शायर असायचा तसा टोळीचा खतीबही असायचा. टोळ्यांचा तंटा मिटवताना, दुसऱ्या टोळीकडे शिष्टमंडळ घेऊन जाताना, मेलेल्याचा गौरव करताना आपल्या माणसांच्या वतीने उभा राहून बोलणारा तो. उकाझच्या बाजारात भाषण करणाऱ्या कुस्स इब्न साइदाचं नाव या परंपरेत फार आदराने घेतलं जातं.

नवव्या शतकातल्या बसऱ्याच्या अल-जाहिझने वक्तृत्वावर मोठा ग्रंथ लिहिला. त्यात जुन्या जाणकारांचं एक मत त्याने नोंदवलं आहे: आधी शायराचा मान खतीबापेक्षा मोठा होता, पण शायर उदंड झाले, कविता विकून पोट भरू लागले, तेव्हा खतीबाचा मान वर गेला. याच जाहिझने हातातल्या काठीवर एक अख्खं प्रकरण लिहिलं. अरब वक्ते बोलताना काठीला टेकून उभे राहतात, याची अरबेतर लोक टिंगल करत. त्यांना त्याने सविस्तर उत्तर दिलं. ही काठी आपल्याला पुढेही लागणार आहे.

इस्लामच्या सुरुवातीच्या काळातलं ठळक नाव साबित इब्न कैस. मदिनेत बनू तमीम टोळीचं शिष्टमंडळ आलं आणि त्यांचा वक्ता उतारिद बोलून बसला, तेव्हा प्रेषितांनी उत्तराला साबितला उभं केलं. त्याला 'प्रेषितांचा खतीब' म्हणत. इथे खतीब अजून माणसाचं काम आहे, घराण्याचं नाव झालेलं नाही.

७ जून, शुक्रवार

आज मिंबराचा इतिहास लावत बसले. हा भाग नीट समजल्याशिवाय आडनाव समजणार नाही.

सुरुवातीला जुम्याचा, म्हणजे शुक्रवारचा, खुतबा देणं हे खुद्द राज्यकर्त्याचं काम होतं. खलिफा राजधानीत देई, सुभेदार आपल्या सुभ्याच्या शहरात. बगदादच्या अब्बासी खलिफांच्या काळात ही रीत मागे पडत गेली. इ. स. ९३४ ते ९४० गादीवर असलेला अल-रादी हा स्वतः नेमाने खुतबा देणारा शेवटचा खलिफा असं इतिहासकार सांगतात. तोवर मशिदी-मशिदींत पगारी, नेमलेले खतीब बसले होते. राजाची जागा नोकराने घेतली, पण राजाच्या खुणा त्या जागेला चिकटून राहिल्या.

इब्न जुबैर हा स्पेनमधला यात्रेकरू ११८३ मध्ये मक्केत होता. त्याने तिथल्या खतीबाचं वर्णन केलं आहे. सोन्याचं काम केलेला काळा पोशाख, काळा फेटा. काळा हा अब्बासींचा रंग. पुढे काळी निशाणं. कमरेला तलवार. मिंबराच्या पायऱ्या चढताना तो तलवारीच्या टोकाने पायरीवर ठोका देतो, सगळ्यांना ऐकू जाईल असा. मग खुतब्यात आधी बगदादच्या खलिफासाठी दुआ, मग मक्केच्या अमीरासाठी, मग इजिप्त-सीरियाचा सुलतान सलाहुद्दीन याच्यासाठी. आणि सलाहुद्दीनचं नाव येताच सगळीकडून 'आमीन'चा घोष होतो. जाहिझच्या काठीची आता तलवार झाली आहे.

खुतब्यात कोणाचं नाव घ्यायचं यावर राज्य कोणाचं हे ठरे. नाण्यावरचं नाव आणि खुतब्यातलं नाव, या सत्तेच्या दोन खुणा. सप्टेंबर ११७१ मध्ये कैरोत तिथल्या फातिमी घराण्याच्या खलिफाचं नाव वगळून बगदादच्या अब्बासी खलिफाचं नाव घेतलं गेलं, आणि दोन शतकांची फातिमी सत्ता त्या एका शुक्रवारी संपली असं जाहीर झालं. म्हणजे खतीब हा नुसता प्रवचनकार नव्हता. गावाची निष्ठा कोणाकडे, हे तो मोठ्याने उच्चारत असे. राज्य बदललं की सर्वांत आधी त्याच्या तोंडचं नाव बदले.

दुसरी गोष्ट याहून महत्त्वाची. शाफई या सुन्नी धर्मशास्त्र-पंथानुसार, अगदीच अडचण नसेल तर एका गावात जुम्याची नमाज एकाच मशिदीत व्हावी. गाव एक, जामा मशीद एक, मिंबर एक, खतीब एक. 'गावाचा खतीब' म्हटलं की दुसरा कोण, हा प्रश्नच येत नाही. ओळखनाव पक्कं व्हायला याहून पोषक परिस्थिती कुठली?

११ जून

उगमाचा रकाना आज भरला. पदाचं आडनाव कसं होतं हे तीन घराण्यांत स्पष्ट दिसतं, म्हणून ती तिन्ही घेतली.

पहिलं, अल-खतीब अल-बगदादी. जन्म १००२, मृत्यू १०७१. बगदादशी संबंध आलेल्या सात हजारांहून अधिक माणसांची चरित्रं लिहिणारा हा प्रचंड आवाक्याचा विद्वान. त्याचे वडील बगदादजवळ टायग्रिसच्या काठी दर्झीजान नावाच्या गावात खतीब होते. एवढ्या मोठ्या विद्वानाच्या नावाचं मूळ एका लहान गावच्या मिंबरात आहे.

दुसरं, फख्रुद्दीन अल-राझी. बाराव्या शतकातला तत्त्वज्ञ आणि कुराणाचा भाष्यकार. त्याचे वडील झियाउद्दीन रै शहराचे खतीब; आजच्या तेहरानच्या कुशीतलं हे जुनं शहर. म्हणून राझीला लोक 'इब्न खतीब अल-रै' म्हणत, म्हणजे रैच्या खतीबाचा मुलगा. इथे पद बापाचं आणि ओळख मुलाची. पण शहराचं नाव अजून सोबत आहे.

तिसरं, लिसानुद्दीन इब्न अल-खतीब. स्पेनमधल्या लोखा गावी १३१३ मध्ये जन्म, पुढे ग्रॅनडाचा वजीर. अल-हम्रा राजवाड्याच्या भिंतींवर त्याच्या कविता कोरल्या आहेत. प्लेगच्या साथीत, रोग संसर्गाने पसरतो हे त्याने लिहून ठेवलं. वडील आणि थोरला भाऊ १३४० मध्ये तरीफाच्या लढाईत पडले. त्याला स्वतःला १३७४ मध्ये फेसच्या तुरुंगात मारलं. त्याचं घराणं आधी 'बनू वजीर' म्हणून ओळखलं जाई. पणजोबा सईद लोख्यात खुतबा देत, तेव्हापासून ते 'बनू अल-खतीब' झालं. आता शहराचं नाव गळून पडलं आहे. पणतू राज्याचा वजीर झाला, तरी लोकांच्या तोंडी पणजोबांचं मिंबरच राहिलं. याला आडनाव म्हणायला काहीच हरकत नाही.

उलट बाजूचं उदाहरणही ठेवायला हवं. सलाहुद्दीनने जेरुसलेम घेतल्यानंतर ९ ऑक्टोबर ११८७ च्या शुक्रवारी तिथल्या अल-अक्सा मशिदीत पहिला खुतबा झाला. तो मान मिळावा म्हणून विद्वानांत चढाओढ लागली होती. मान मिळाला मुहीउद्दीन इब्न अल-झकीला. इतका गाजलेला खुतबा क्वचितच दुसरा असेल, तरी ते घराणं इब्न अल-झकीच राहिलं. एका शुक्रवारने आडनाव पडत नाही. दर्झीजानसारख्या गावात वर्षानुवर्षं दर जुम्याला तोच माणूस पायऱ्या चढतो, मग त्याचा मुलगा चढतो, तेव्हा पडतं. हे वाक्य नोंदीत जसंच्या तसं राहू द्यावं असं संपादनगटाला कळवलं आहे.

जेरुसलेमचं बनू जमाआ घराणंही इथेच नोंदवते. त्यांच्याकडे अल-अक्साची खतीबी पिढ्यान्‌पिढ्या होती. आणि दमास्कसच्या उमय्यद मशिदीत खुतबा देणारा साहित्यशास्त्रज्ञ जलालुद्दीन अल-कझवीनी (१२६८–१३३८) हा 'खतीब दिमश्क' म्हणून प्रसिद्ध आहे.

१४ जून

लेखनभेद. रोमन लिपीत ख, त, ब असे लिहिले की 'खतीब' आणि 'कातिब' यांची गल्लत होते. कातिब म्हणजे लेखनिक, कारकून. त्याचा धातू वेगळा, 'किताब'च्या घरातला. अरबी लिपीत गल्लत होतच नाही, अक्षरंच वेगळी. देवनागरीतही 'ख' आणि 'क' स्पष्ट आहेत. 'खत्ताब' हेही निराळं. खलिफा उमर यांच्या वडिलांचं नाव. तीन वेगळ्या नोंदी, एकमेकींकडे निर्देश, एवढं पुरे.

मान्य रूपं: खतीब, अल-खतीब, एल-खतीब, इराण आणि मोरोक्कोत खतीबी (मोरोक्कोचे लेखक अब्देलकबीर खतीबी, १९३८–२००९), तुर्कीत हातिप, हातिपोग्लू, बोस्नियात हातिबोविच.

१८ जून

आजचा दिवस सत्कारणी लागला. कोशात 'प्रसिद्ध व्यक्ती' हा उपरकाना भरताना एकच नाव पुन्हा पुन्हा समोर येत गेलं: अहमद खतीब.

एक, अहमद अल-खतीब, सीरियाचे अल्पकाळचे राष्ट्राध्यक्ष, नोव्हेंबर १९७० ते फेब्रुवारी १९७१. हाफिझ अल-असद यांनी सत्ता घेतली, पण अध्यक्षपदावर स्वतः बसण्याआधी त्यांना बसवलं. पेशाने शिक्षक.

दोन, अहमद अल-खतीब, कुवेतचे डॉक्टर. अरब राष्ट्रवादी चळवळीच्या संस्थापकांपैकी एक, १९६२ मध्ये कुवेतची राज्यघटना तयार करणाऱ्या घटनासभेचे उपाध्यक्ष, नंतर संसदेतला विरोधी आवाज.

तीन, अहमद खतीब अल-मिनांगकबावी (१८६०–१९१६). हे अरब नव्हेत. सुमात्रा बेटावरच्या मिनांगकबाऊ समाजातले. मक्केत राहिले आणि तिथल्या हरम मशिदीत शाफई इमाम व खतीब झाले. इंडोनेशियातल्या मुहम्मदिया आणि नहदतुल उलमा या दोन सर्वांत मोठ्या मुस्लिम संघटनांचे संस्थापक, अहमद दहलान आणि हाशिम अशअरी, दोघेही त्यांचे विद्यार्थी.

चार, अहमद खतीब संबस. एकोणिसाव्या शतकातले बोर्नियोचे सूफी शेख, तेही मक्केत स्थायिक झालेले.

आणि पाचवे? अकराव्या शतकातले आपले अल-खतीब अल-बगदादी. त्यांचंही स्वतःचं नाव अहमदच: अहमद इब्न अली. या बगदादींनी 'अल-मुत्तफिक वल-मुफ्तरिक' नावाचा ग्रंथ लिहिला आहे. त्याचा विषयच हा: नाव तंतोतंत सारखं, पण माणसं वेगळी. हदीस, म्हणजे प्रेषितांच्या वचनांची आणि वागण्याची नोंद, कोणाकडून कोणाकडे आली याची साखळी तपासताना एका नावाची दोन माणसं एकच समजली गेली तर सगळी तपासणी वाया जाते, म्हणून त्यांनी ती वेगवेगळी करून ठेवली. आमच्या कोशाला यापेक्षा चांगला गुरू मिळणार नाही. पाचही अहमदांच्या नोंदी स्वतंत्र केल्या आणि प्रत्येकापुढे गाव लिहिलं.

२१ जून

प्रवासाचा रकाना. शहरांचं झालं, आज खेडी.

पॅलेस्टाइनच्या खेड्यांत खतीब म्हणजे गावचा सबकुछ धर्मसेवक. नमाज पढवणं, खुतबा, निकाह, मयत, आणि शाळा येण्याआधीच्या काळात पोरांना कुराण आणि अक्षरओळख शिकवणंही तोच करी. मोबदला मुख्यतः सुगीच्या वेळी धान्यात. आपल्याकडच्या बलुत्यात मुलाण्याचा वाटा असे, तशीच ही रीत. गावोगाव असा एक माणूस म्हटल्यावर गावोगाव अल-खतीब घराणी का आहेत हे वेगळं सांगायला नको. पंचवीस कोसांवरच्या दोन खतीब घरांचा एकमेकांशी काही संबंध असेलच असं नाही.

तुर्कस्तानात २१ जून १९३४ ला आडनावाचा कायदा झाला. योगायोगाने तारीख आजचीच. प्रत्येक कुटुंबाला ठरावीक आडनाव घेणं सक्तीचं झालं. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये दुसऱ्या कायद्याने हाजी, हाफिज, होजा, मोल्ला अशा पदव्या अधिकृत वापरातून काढून टाकल्या. तरी 'हातिपोग्लू', खतीबाचा मुलगा, हे आडनाव म्हणून टिकलं. नावापुढची पदवी गेली, नावामागचा वारसा राहिला.

२४ जून

कोकण. या दिवसाची मी सुरुवातीपासून वाट पाहत होते.

आधी जुने पुरावे. प्रवासी अल-मसूदी इ. स. ९१६ च्या सुमारास सैमूर, म्हणजे आपलं चौल, इथे आला. शिलाहार राजा झंझ याचा तो काळ. सिराफ, ओमान, बसरा, बगदाद इथून आलेले मुसलमान आणि इथेच जन्मलेले त्यांचे वंशज मिळून दहा हजारांची वस्ती असल्याचं तो लिहितो. त्यांच्या प्रमुखाची नेमणूक राजा करत असे आणि त्या प्रमुखाला 'हुनरमन' म्हणत. पुढे दहाव्या शतकातच अल-इस्तखरी लिहितो की या किनाऱ्याच्या शहरांत जुम्याची नमाज होते अशा मशिदी आहेत. त्याच्या यादीत सैमूर आहे आणि सुबारा, म्हणजे सोपाराही. जुम्याची नमाज आहे म्हणजे खुतबा आहे, आणि खुतबा आहे म्हणजे तो देणारा कोणीतरी आहे. खतीबाची जागा कोकणच्या किनाऱ्यावर हजार वर्षांपूर्वी होती, एवढं यावरून ठामपणे म्हणता येतं. आजच्या एखाद्या घराण्याची वंशावळ मात्र यावरून तिथवर नेता येत नाही.

पालघर जिल्ह्यातल्या चिंचणीला सापडलेला शके ८४८ (इ. स. ९२६) चा राष्ट्रकूट ताम्रपटही मांडून ठेवला. त्यात संजाणचा कारभार पाहणारा ताजिक, म्हणजे अरब, अधिकारी आहे. संस्कृतात त्याचं नाव 'मधुमति', मूळ मुहम्मद. देवीच्या मठिकेच्या दानाला त्याची संमती आहे. अरबी नाव आपल्या मातीत आल्यावर तोंडाला कसं रुळतं, याचं इतकं जुनं उदाहरण प्रस्तावनेत यायलाच हवं.

पुढे सुलतानी काळातल्या कागदांत काजीच्या शेजारी खतीब येतो, इनाम आणि हक्कांसकट. कोकणी मुसलमान शाफई. म्हणजे एका गावात एक जुमा ही शिस्त इथेही लागू. काझी, खतीब, फकीह (धर्मशास्त्राचा जाणकार), मुकादम, नाखवा ही सगळी हुद्द्यांची आणि कामांची आडनावं इथे शेजारी-शेजारी नांदतात.

दुपारी दापोलीकडच्या एका खतीब चाचांशी फोनवर बोलले. त्यांनी थेट विचारलं, "बाय, सिरियाच्या बातम्यांत आमचं आडनाव यायचं. तो उमय्यद मशिदीचा इमाम होता ना, मुआझ अल-खतीब, विरोधकांचा पुढारी झालेला. ते आमचे कोणी लागतात का गो?"

मी म्हटलं, "चाचा, आडनावावरून तरी नात्याचा पुरावा मिळत नाही. त्यांच्याकडे दमास्कसचं मिंबर, तुमच्याकडे तुमच्या गावचं. काम एक, म्हणून नाव एक."

चाचा थोडं थांबून म्हणाले, "मग आमच्या मशिदीचं लिहा. तिथं कोण-कोण चढलं ते माझ्या बापाला पाठ होतं, मला निम्मं येतं." नावं सांगायला त्यांनी लगेच सुरुवात केली. मी लिहून घेतली. ती त्यांच्या घरची आहेत, कोशात छापायची नाहीत. पण अशा याद्या घरोघरी लिहून ठेवाव्यात अशी विनंती प्रस्तावनेत करायची आहे.

२८ जून

नोंदीची रचना बदलायला गटाने मान्यता दिली. आधी 'अल-खतीब' खाली एकच प्रवासरेषा काढायची होती: अरबस्तान, मग सीरिया, मग बाकी जग. ती काढून टाकली. त्याऐवजी मिंबरांचा नकाशा: दर्झीजान, रै, लोखा, दमास्कस, जेरुसलेम, सुमात्रा, चौल. प्रत्येक ठिकाणापुढे तिथला पुरावा आणि त्याचा काळ. ठिपके जोडणाऱ्या रेषा नाहीत. जिथे घराणं खरोखर एका गावाहून दुसऱ्या गावी गेल्याचा कागद मिळेल तिथेच रेषा ओढायची.

नकाशावर चौलच्या ठिपक्याशेजारी 'हुनरमन, ९१६' आणि 'जुमा मशीद, दहावं शतक' अशा दोन वेगळ्या पट्ट्या राहतील. 'खतीब' हा शब्द तिथे लिहायचा नाही, कारण त्या दोन वृत्तांतांत तो पद म्हणून आलेला नाही. 'खतीब'ची कोकणातली पट्टी सुलतानी कागदांपासून सुरू होईल.

पुढचं आडनाव काझी. त्यात काम दुप्पट आहे: न्यायाधीशाचं पद, निकाह लावण्याचं काम, आणि इंग्रजी अमदानीतला १८८० चा काझी कायदा.